चेअरमनसाहेब, तिसरा तास, तिसरी ब

सकाळी आठ वाजून दहा मिनिटांनी चेअरमनसाहेबांचा फोन वाजला. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला, फोन हातभर लांब धरला आणि मेसेज वाचला. पुन्हा एकदा वाचला. मग फोन टेबलावर ठेवून माझ्याकडे सरकवला.

मेसेज आमच्याच कंपनीच्या अ‍ॅपचा होता. इंग्रजीत होता, त्याचा अर्थ असा: 'आज तिसरा तास. वर्ग तिसरी ब. विषय ईव्हीएस. कृपया वेळेवर वर्गावर हजर राहावे. उशिराची नोंद होईल.'

ईव्हीएस म्हणजे परिसर अभ्यास. आणि चेअरमनसाहेब म्हणजे चौदा शाळांच्या ट्रस्टचे अध्यक्ष. मानेसरला त्यांचा गाड्यांच्या सीट बनवायचा मोठा कारखाना आहे. शाळेत ते महिन्यातून एकदा येतात, तेव्हा गेटपासून ऑफिसपर्यंत कुंड्या पुसतात. त्या माणसाला आम्ही तिसरी ब वर पाठवत होतो, आणि उशीर केल्यास नोंद होईल असा दमही देत होतो.

माझ्या शेजारी आमच्या कंपनीचा मालक निखिल बसला होता. त्याने टेबलाखालून माझ्या पायावर पाय दिला. कशासाठी, ते त्यालाही माहीत नसावं.

इथवर कसे आलो ते सांगते. त्या दिवशीची सगळी बोलणी हिंदीत झाली. बरीचशी मी मराठीत देते, पण काही वाक्यं मराठीत आणली की त्यांच्यातला जीवच जातो. ती तशीच ठेवते.

आमची कंपनी नोएडाची. शाळांसाठी अ‍ॅप बनवते. मी तिथे इम्प्लिमेंटेशन बघते. म्हणजे इंजिनिअर मंडळी अ‍ॅप बनवतात आणि मी ते शाळेच्या गळी उतरवते. एकेकाळी मी दिल्लीच्या मराठी मंडळात गणपतीच्या नाटकांत कामं करायची. त्या अनुभवाचा या नोकरीत जितका उपयोग झाला तितका माझ्या डिग्रीचा झाला नाही.

सुरुवातीला आम्ही सहा जण होतो आणि एक खोली होती. अ‍ॅपमध्ये फक्त हजेरी होती. मग एका शाळेने होमवर्क मागितलं, दुसरीने बस कुठे पोचली ते मागितलं, तिसरीने पालकसभेच्या वेळा. जो जे मागेल ते निखिल देत गेला. शाळा वाढल्या, पण एकेक करून. एक शाळा मिळवायला जितकी पायपीट, तितकीच दुसरी मिळवायला. निखिल एकतीस वर्षांचा, हुशार, आणि कॉफीवर जगणारा. तो म्हणायचा, "वृंदा मॅम, एक चेन मिल जाए बस." चेन म्हणजे एकाच ट्रस्टच्या पुष्कळ शाळा. एका सहीत चौदा शाळा. ती सही मिळाली असती तर आम्ही एक मजला घेणार होतो. नसती मिळाली तर आमच्या टीममधले निम्मे लोक कमी करावे लागणार होते. निखिलने ही दुसरी गोष्ट फक्त मला सांगितली होती. ती निम्मी माणसं मीच भरती केलेली होती.

ती सही या चेअरमनसाहेबांची होती. आणि त्यांना हजेरी, होमवर्क, बस यातलं काही नको होतं. त्यांना अरेंजमेंट हवी होती.

अरेंजमेंट हा दिल्लीकडच्या शाळांचा शब्द. एखादी बाई आली नाही की तिचे दिवसभराचे तास रिकामे पडतात. त्या प्रत्येक तासाला दुसऱ्या कुणाला तरी पाठवावं लागतं, ज्याचा तो तास मोकळा आहे. आपल्याकडे याला ऑफ तास म्हणतात. मुलांसाठी ती पर्वणी. ज्या शिक्षकाचा मोकळा तास जातो त्याच्यासाठी तो त्या दिवशीचा सगळ्यात मोठा अन्याय. रोज सकाळी पंधरा मिनिटांत हे अन्याय सगळ्यांना सारखे वाटायचे, हे काम एका माणसाकडे असतं. त्या माणसाशी दुपारपर्यंत निम्मी स्टाफरूम बोलत नाही.

या ट्रस्टच्या फरीदाबादच्या मुख्य शाळेत ते काम बत्तीस वर्षं खुराना मॅडम करत होत्या. एक रजिस्टर, एक लाल पेन्सिल. मार्चमध्ये त्या रिटायर होणार होत्या आणि त्यांच्या जागी हे काम घ्यायला एकही जण तयार नव्हता. एका शिक्षकाने तर बदली मागितली होती. म्हणून चेअरमनसाहेबांना मशीन हवं होतं.

"एक दिन," ते म्हणाले होते. "मुख्य शाळेत एक दिवस अरेंजमेंट तुमचं अ‍ॅप लावेल. मी स्वतः येऊन बसेन. नीट लागली तर चौदा शाळा तुमच्या. गोंधळ झाला तर चहा पिऊन जा."

मी तीन सकाळी खुराना मॅडमच्या शेजारी बसून त्यांचं काम पाहिलं. बाई रजेचे अर्ज बघायच्या, डोळे अर्धवट मिटायच्या आणि लिहायला लागायच्या. बारा मिनिटांत खेळ खलास. मी विचारलं, "शर्मा मॅडमना चौथ्या तासाला मोकळं असून का सोडलं?"

"चौथ्या तासाला वर्ग तिसऱ्या मजल्यावर आहे, बेटा. तिचे गुडघे दुसऱ्या मजल्यापर्यंतच चालतात."

माझं वय बावन्न. मला गेल्या वीस वर्षांत कुणी बेटा म्हटलं नव्हतं. मी खूश झाले आणि गुडघ्यांची गोष्ट वहीत लिहून घेतली. त्याच पानावर लिहिलं की लॅबमध्ये अमुक सर आणि तमुक मॅडम एकत्र पाठवायचे नाहीत, त्यांची बोलचाल दोन वर्षांपासून बंद आहे. ते पान मी निखिलला दाखवलं.

"मॅम, ये सब ह्युमन बायस है," तो म्हणाला. "आपण सरळ नियम ठेवू. ज्याचे तास सगळ्यात कमी, त्याला आधी पाठवायचं. एकदम फेअर."

मला तो नियम फारच आवडला. मी शाळेच्या ऑफिसकडून स्टाफची यादी मागवली. त्यांनी तयार होती ती पाठवली, आय-कार्ड छापायला केली होती ती. नावं, फोटो, फोन नंबर, सगळं टापटीप. मी ती अ‍ॅपमध्ये चढवली. वेळापत्रक जोडलं. यादीत कोण कोण आहे हे मी वाचलं का? नाही. इतकी सुंदर यादी कोण वाचतं.

तारीख ठरवायची होती. चेअरमनसाहेबांच्या ऑफिसने पुढच्या महिन्यातले तीन दिवस दिले, यांतला निवडा म्हणाले. मी स्वयंपाकघरात गेले, आमच्या मराठी कॅलेंडरसमोर उभी राहिले. तीनपैकी एका चौकोनात लाल गणपती. संकष्टी. मी संकष्टी करते, आणि नवं काम गणपतीच्या दिवशी सुरू झालं तर बरंच. चौकोनात खाली बारीक अक्षरांत आणखी काहीतरी छापलं होतं, पण माझा चष्मा फ्रिजवर होता आणि दूध उतू जात होतं. मी तारीख कळवून टाकली.

आदल्या संध्याकाळी भाजी आणायला सेक्टरच्या मार्केटमध्ये गेले तर मेंदी काढून घ्यायला बायकांची रांग. मला वाटलं, लग्नसराई लवकर सुरू झाली यंदा.

सकाळी सात वाजता निखिल गाडी घेऊन आला. आम्ही फरीदाबादला पोचलो. गेटवरच्या गार्डने आमची नावं लिहून घेतली आणि सहज म्हणाला, "मॅडम, आज तो आधा स्टाफ है ही नहीं. करवा चौथ है ना."

निखिलने माझ्याकडे पाहिलं. मी निखिलकडे पाहिलं.

ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगते. करवा चौथ म्हणजे नवऱ्याच्या दीर्घायुष्यासाठी इकडच्या बायकांचा कडक उपवास. चंद्र दिसेपर्यंत पाणीसुद्धा नाही. ज्या चतुर्थीला आमची संकष्टी असते, त्याच चतुर्थीला यांची करवा चौथ. चंद्रही तोच. मी दिल्लीत जन्मले, दिल्लीत वाढले, बावन्न वर्षं हा सण दारावरून जाताना पाहिला आणि दर वर्षी तो मला नव्यानेच कळतो, कारण आमच्या घरात त्या दिवशी मोदक असतात. निखिल अविवाहित. आमच्या सगळ्या इंजिनिअरांत लग्न झालेला एकच, तो केरळचा.

मी नवऱ्याला फोन लावला. तो एका मंत्रालयात आहे. "आज करवा चौथ आहे हे तुला माहीत होतं?"

"हो. आमच्या सेक्शनला आज शुकशुकाट असतो. मी दर वर्षी याच दिवशी जुन्या फायली काढतो."

"मग मला सांगितलं का नाहीस?"

"तू विचारलं नाहीस."

त्याच्या दीर्घायुष्याबद्दल त्या क्षणी मला फारसा उत्साह नव्हता.

प्रिन्सिपॉल डॉक्टर सूद यांच्या केबिनमध्ये आम्ही बसलो. बारीक अंगाच्या, ताठ बसणाऱ्या बाई. एका बाजूला चेअरमनसाहेब. दुसऱ्या बाजूला खुराना मॅडम, लाल साडीत, दोन्ही हात कोपरापर्यंत मेंदीने भरलेले, मांडीवर रजिस्टर. बंद. त्यांच्या चेहऱ्यावरची शांतता मला आवडली नाही.

"डेट किसने रखी?" त्यांनी विचारलं.

"मी."

"बहुत अच्छी रखी."

ऑफिसने रजा चढवल्या. एकोणतीस शिक्षक गैरहजर. निखिलने बटण दाबलं. चार सेकंद चक्र फिरलं आणि भिंतीवरच्या पडद्यावर दिवसभराचा तक्ता उमटला. सगळ्या शाळेचा प्रत्येक तास, प्रत्येक वर्ग. सगळे चौकोन हिरवे. हिरवा म्हणजे वर्गाला माणूस मिळाला. एकोणतीस माणसं कमी असून एकही वर्ग रिकामा नाही. निखिलचा आनंद चेहऱ्यावर मावेना. मला तर उठून पडदा ओवाळावासा वाटला. अ‍ॅपने ज्याचे त्याला मेसेज पाठवून दिले.

आणि चेअरमनसाहेबांचा फोन वाजला.

दोन सेकंदांनी प्रिन्सिपॉलबाईंचा वाजला. त्यांना दुसरा तास, आठवी ड, विज्ञान.

आता मी पडद्यावरचा तक्ता पहिल्यांदा नीट वाचला. नववी अ, गणित: शाळेचे अकाउंटंट. सातवी क: शाळेची नर्स. पाचवी ब, भूगोल: बस इनचार्ज यादवजी. ग्रंथपाल, लॅब असिस्टंट, रिसेप्शनवरची मुलगी. आय-कार्ड ज्याच्या ज्याच्या गळ्यात, तो प्रत्येक माणूस आमच्या यादीत होता. यातल्या कुणाचाही आठवड्यात एकही तास नव्हता. शून्य. अ‍ॅपच्या दृष्टीने शाळेतली सगळ्यात मोकळी माणसं हीच. आणि गेटमधून आत येणाऱ्या प्रत्येकाने आय-कार्ड घालायचं हा नियम चेअरमनसाहेबांनी स्वतः केला होता आणि सुरुवात स्वतःपासून केली होती. ते कार्ड आत्ताही त्यांच्या गळ्यात लोंबत होतं.

निखिल माझ्या कानाशी लागला. "कॅन्सल करतो."

"कर."

"कॅन्सलचं बटण पुढच्या व्हर्जनमध्ये आहे."

तरी त्याने लॅपटॉपवर शिक्षक नसलेली नावं काढून तक्ता पुन्हा लावून पाहिला. नऊ चौकोन लाल झाले. नऊ वर्गांना माणूस नाही. हजर होते ते सगळे शिक्षक आधीच कुठे ना कुठे गुंतले होते. म्हणजे चूक दुरुस्त केली असती तर नऊ वर्ग मोकाट सुटले असते, आणि चूक तशीच ठेवली तर चेअरमनसाहेब तिसरी ब वर.

केबिनमधले सगळे आमच्याकडे बघत होते. नाटकात असा क्षण आला की आमचे दिग्दर्शक म्हणायचे, वाक्य विसरलीस तर निदान उभी राहा, प्रेक्षकांना वाटेल ठरलेलंच आहे. मी उभी राहिले.

"सर," मी म्हणाले, "अ‍ॅपचा नियम एकच आहे. ज्याचे तास सगळ्यात कमी, तो आधी. त्या नियमाने आज या शाळेत सगळ्यात मोकळा माणूस तुम्ही आहात."

मी निम्म्या टीमचे चेहरे डोळ्यांसमोर आणले आणि त्यांची मनातल्या मनात माफी मागितली.

तेवढ्यात खुराना मॅडम हसल्या. पहाटेपासून पाण्याचा थेंब पोटात नसलेली बाई, पण हसली ती पदर तोंडाला लावून, खांदे गदगदत.

"खुराना मॅडम," चेअरमनसाहेब म्हणाले, "तुमचं रजिस्टर काय म्हणतं?"

"आज मशीन का दिन है, सर," त्या म्हणाल्या आणि रजिस्टरवर कोपर ठेवलं.

मग प्रिन्सिपॉलबाई उठल्या. त्यांनी कपाट उघडलं, मागून एक खडूची पेटी काढली, तिच्यावरची धूळ फुंकली. "मी केमिस्ट्री शिकवायचे," त्या कुणाला उद्देशून न बोलता म्हणाल्या. "नऊ वर्षं झाली. आठवी ड काय, मी सांभाळेन." आणि गेल्या.

प्रिन्सिपॉल गेल्यावर चेअरमन कसे बसून राहणार? त्यांनी घड्याळ पाहिलं. "तिसरा तास किती वाजता?"

पहिला तास मी वऱ्हांड्यात धावण्यात घालवला. नववी अ मध्ये अकाउंटंट फळ्याकडे पाठ करून, खुर्चीचे हात घट्ट धरून बसले होते आणि मुलं त्यांना आपणहून बीजगणित समजावून सांगत होती. सातवी क मध्ये नर्सबाईंनी आत शिरताच विचारलं, "कुणाच्या पोटात दुखतंय?" एरवी रोज पाच जणांच्या दुखायचं. आज कुणाच्याच नाही. पाचवी ब मध्ये यादवजींनी आख्खा फळा भरून फरीदाबाद काढलं होतं, पूल, फाटक, कुठल्या चौकात पाणी तुंबतं ते सगळं, आणि प्रत्येक मुलगा फळ्याजवळ येऊन आपलं घर दाखवत होता. एका मुलीला तर त्यांनी शेजारच्या गल्लीतून चार मिनिटं वाचवणारा रस्ता शिकवला.

सगळंच असं गोड चाललं नव्हतं. जिन्यात मला शर्मा मॅडम भेटल्या, त्या गुडघ्यांच्या. उपवास, नवी साडी आणि अ‍ॅपने दिलेला तिसरा मजला. त्या दुसऱ्या मजल्यावर कठड्याला धरून उभ्या होत्या. आणि लॅबमध्ये ते अमुक सर आणि तमुक मॅडम, दोघंही, एका टेबलाच्या दोन टोकांना. ते मुलांमार्फत एकमेकांशी बोलत होते. "सरांना सांग, बर्नर बंद करायला." "मॅडमना सांग, बंदच आहे."

ज्या पानावर मी हे सगळं लिहून घेतलं होतं ते पान माझ्या पर्समध्ये होतं.

मी वळले तर मागे खुराना मॅडम. कधी आल्या कळलं नाही. त्यांनी शर्मा मॅडमना नुसतं हाताने खाली जायची खूण केली, तळमजल्यावर तास घेणाऱ्या एका सरांना हाक मारून त्यांच्या जागी वर पाठवलं, आणि लॅबमधल्या सरांना लायब्ररीत नेऊन बसवलं. दोन मिनिटं लागली. माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुमने लिखा तो था."

"लिहिलं होतं."

"फिर?"



नऊ वाजून चाळीस मिनिटांनी तिसऱ्या तासाची घंटा झाली. चेअरमनसाहेब कोटाचं बटण लावून निघाले. मागे मी, माझ्या मागे निखिल. तिसरी ब कुठे आहे ते शोधावं लागलं नाही. शिक्षक नसलेल्या वर्गाचा आवाज दोन वर्ग अलीकडूनच ऐकू येतो. डबे, रबर, आणि आपापल्या बाजूने शांत राहा असं ओरडणारे दोन मॉनिटर.

ते आत गेले. चाळीस मुलं उभी राहिली आणि लांबलचक गुड मॉर्निंग म्हणाली. मी दाराशी उभी राहिले, निखिल खिडकीत.

पहिल्या बाकावरच्या एका मुलीने हात वर केला. "सर, आप कौन से सब्जेक्ट के हो?"

चेअरमनसाहेबांनी आधी गळ्यातलं आय-कार्ड पाहिलं. मग म्हणाले, "मैं सीट बनाता हूँ. गाड़ी की सीट."

"अच्छी वाली?"

"एकदम अच्छी वाली. दिल्लीतल्या कितीतरी गाड्यांत माझी सीट असते."

मुलगी विचारात पडली. "तो फिर हमारी ऐसी क्यों है?"

वर्ग हसला नाही. त्यांना तो अगदी साधा प्रश्न वाटला. चेअरमनसाहेब खाली आले आणि तिच्या बाकावर बसले. गुडघे हनुवटीला लागले. उठायला गेले तर उठता येईना. बाकाच्या कडेचा एक खिळा बाहेर आला होता, त्यात पँटचा खिसा अडकला होता. ज्याच्या भीतीने प्रिन्सिपॉलपासून गार्डपर्यंत सगळे ताठ उभे राहतात, तो माणूस तिसरी ब मध्ये वाकलेल्या अवस्थेत अडकला.

खिडकीत निखिलने डोळे मिटून घेतले. मी मात्र उघडे ठेवले. असा प्रयोग रोज होत नाही.

"सर, ऐसे मत खींचो," ती मुलगी म्हणाली. "पहले पीछे, फिर साइड." तिला सराव होता. तिने त्यांना सोडवलं.

आमची निम्मी टीम आता घरी जाणार हे मी मनातल्या मनात पक्कं केलं. पण चेअरमनसाहेबांनी बाकावरून हात फिरवला. मग पाठीच्या फळीवर. मग कोट काढून टेबलावर टाकला. "ये किसने बनाया है?" ते स्वतःशीच पुटपुटले. "पाठीला कोनच नाही." आणि मुलांकडे वळून म्हणाले, "चलो, सब लोग अपना बेंच नापो. बित्ते से नापना किसको आता है?"

पुढची वीस मिनिटं तिसरी ब वितीने मोजली गेली. बाकांची लांबी, उंची, मुलांच्या गुडघ्यांची उंची. ज्याचे पाय जमिनीला टेकत नाहीत त्याने हात वर करायचा. सतरा हात वर. कुठे खिळा लागतो तिथे खडूने फुली मारायची. फळ्यावर आकडे, फुल्या, आणि सीटचं एक चित्र, ज्यात पाठीचा कोन बाणाने दाखवलेला. चेअरमनसाहेबांच्या बाह्या कोपरापर्यंत आणि कपाळाला खडू.

घंटा झाली. ते बाहेर आलेच नाहीत. चौथ्या तासाच्या बाई दारात येऊन उभ्या राहिल्या. मेंदीच्या हातांनी वह्यांचा गठ्ठा सांभाळत त्यांनी मला विचारलं, "मी जाऊ का परत?" निखिलच्या फोनवर अ‍ॅपची सूचना आली: तिसरी ब, एका वर्गात दोन शिक्षक. आमच्या अ‍ॅपने त्या दिवशी पकडलेली ती पहिली खरी चूक.

मधल्या सुट्टीत पुन्हा केबिन. प्रिन्सिपॉलबाईंच्या साडीवर कसले तरी निळे शिंतोडे होते आणि त्या शिट्टी वाजवल्यासारखे ओठ करून बसल्या होत्या. चेअरमनसाहेब कपाळावरचा खडू न पुसता बसले.

"पास की फेल?" निखिलने विचारलं.

"मला काय कळतं अरेंजमेंटमधलं," चेअरमनसाहेब म्हणाले. "खुराना मॅडम सांगतील."

म्हणजे सही त्या मेंदीच्या हातात गेली होती. खुराना मॅडमनी रजिस्टर उघडलं आणि टेबलावर ठेवलं. त्या दिवसाचं पान भरलेलं होतं, वरपासून खालपर्यंत, लाल पेन्सिलीने. पानाच्या डोक्यावर दहा दिवसांपूर्वीची तारीख.

"यांनी डेट कळवली त्याच दिवशी मी हे लिहून ठेवलं," त्या म्हणाल्या. "मला माहीत होतं ना, त्या दिवशी काय आहे. म्हटलं, बच्ची है, सीख जाएगी. तोवर शाळा बुडायला नको. गोंधळ झाला असता तर मी हे पान काढलं असतं."

त्यांच्या पानावर ते नऊ वर्ग हॉलमध्ये एकत्र बसवलेले होते, सिनेमा दाखवायला. दर वर्षी त्या तसंच करत.

"मशीनने दोन चुका केल्या," खुराना मॅडम पुढे म्हणाल्या. "जिने पाहिले नाहीत आणि भांडणं पाहिली नाहीत. ते या लडकीने लिहून घेतलंय, तिला शिकवता येईल." मग त्यांनी बोट त्यांच्याच पानावरून फिरवलं. "पण सर, बत्तीस वर्षांत मी एकदाही प्रिन्सिपॉलचं नाव लिहिलं नाही. तुमचं तर सोडाच. रोज सकाळी मला दिसायचं की कोण मोकळं आहे. मेरी हिम्मत नहीं हुई. इस मशीन को शरम नहीं है. ही चांगली गोष्ट आहे. ये नाम मत हटाना."

चेअरमनसाहेबांनी खिशाच्या फाटक्या कडेतून बोट बाहेर काढलं, ते पाहिलं, आणि म्हणाले, "चाय मँगाओ."

निखिलने लॅपटॉप मिटला. गोंधळ झाला तर चहा पिऊन जा, हे त्याच्या लक्षात होतं. माझ्याही होतं.

"आणि प्रिंटआउट मागवा," चेअरमनसाहेबांनी वाक्य पूर्ण केलं. "कुठे सही करायची?"

चहाबरोबरची बिस्किटं मी घेतली नाहीत, संकष्टी होती. खुराना मॅडमनी विचारलं, "तू भी भूखी? किसके लिए?"

"गणपतीसाठी."

"त्यांना कशाला लागतं? उनकी उमर तो है ही लंबी."

मी त्यांना सांगितलं नाही की माझ्या पर्समध्ये साबुदाण्याच्या खिचडीचा डबा आहे. निर्जळी उपवास करणाऱ्या बायकांनी भरलेल्या शाळेत तो डबा उघडायची हिंमत मला झाली नाही. परतीच्या रस्त्यावर गाडीत खाल्ला. निम्मा निखिलने.

पुढचं थोडक्यात. चौदा शाळा लागल्या. त्यांचं बघून आणखी दोन ट्रस्ट आले, आणि आता नोएडात आमचा एक सोडून दोन मजले आहेत. कुणालाही घरी जावं लागलं नाही. उलट मी आणखी माणसं घेतली. अ‍ॅपमध्ये प्रत्येक शिक्षकापुढे दोन नवे रकाने आले, एक 'जिना नको' आणि एक 'एकत्र नको'. दुसरा रकाना कुणाला दिसतो यावर आम्ही फार कडक आहोत. कॅन्सलचं बटणही आलं, पण प्रिन्सिपॉल आणि चेअरमन यांना ते चालत नाही. आठवड्यातून एक तास, जो अ‍ॅप देईल तो. बऱ्याच शाळांत हे ऐकून आधी शांतता पसरते. मग स्टाफरूममधून टाळ्या येतात आणि आमचं काम होतं.

तिसरी ब चे बाक बदलले. मानेसरहून आले, पाठीला कोन असलेले, आणि ते बसवायला चेअरमनसाहेब स्वतः आले तेव्हा त्या मुलीने बसून पाहिलं आणि म्हणाली, "हाँ, ये ठीक है."

खुराना मॅडम मार्चमध्ये रिटायर झाल्या आणि एप्रिलमध्ये आमच्याकडे आल्या. माझ्या शेजारीच बसतात. लाल पेन्सिल सोबत आणली आहे. पहिल्याच आठवड्यात त्यांनी आमच्या ऑफिसला अ‍ॅप लावलं. सोमवारी हेल्पलाइनचे फोन कोण घेणार ते आता तेच ठरवतं. सगळ्यात मोकळा माणूस निघाला निखिल. दर सोमवारी घेतो बिचारा, आणि उशीर झाला तर नोंद होते.

मी काय शिकले? यादी चढवायच्या आधी वाचावी. आणि तारीख ठरवताना चष्मा फ्रिजवरून खाली काढावा. पण खरं सांगायचं तर त्या दिवशी मी तो काढला असता, तर आज आमच्याकडे एक खोली असती.